सोळा आण्यांचा रुपया, आणि त्यातले आणे गेले कुठे?

खुर्दा (धागाकर्ता)

महागाईच्या धाग्यावर "१९४७ साली एक रुपया म्हणजे एक डॉलर होता" या एका वाक्यावरून जे रामायण झालं, त्यात मूळ विषय पार वाहून गेला. म्हणून हा वेगळा धागा. तिकडचं भांडण इकडे आणायचं असेल तर खुशाल आणा, पण आकड्यांसकट आणा.

आधी तो डॉलर निकालात काढू. १९२७ पासून रुपयाचा दर १ शिलिंग ६ पेन्सला बांधलेला होता, म्हणजे पौंडाला १३ रुपये ५ आणे ४ पै. स्वातंत्र्याच्या वेळी पौंड ४.०३ डॉलरला होता. भागाकार करा, डॉलर ३ रुपये ३० पैशांच्या आसपास येतो. सप्टेंबर १९४९ मध्ये ब्रिटनने पौंड २.८० डॉलरवर आणला, रुपया त्याच्यामागोमाग उतरला आणि डॉलर ४.७६ ला गेला. ६ जून १९६६ ला ७.५० झाला. एकास एक कधीच नव्हता. ढकलपत्रांना आकडेमोडीचं वावडं असतं, त्याला इलाज नाही.

आता मला खरं जे लिहायचं आहे ते. रुपया हे एकच चलन गेली पावणेपाचशे वर्षं चालत आलंय असं आपण म्हणतो. शेरशाह सूरीने (१५४०-४५) १७८ ग्रेन (साधारण साडेअकरा ग्रॅम) वजनाचा चांदीचा रुपया पाडला, अकबराने तो चालू ठेवला, मराठ्यांनी पाडला, कंपनीने पाडला, आणि आज तो आपल्या फोनमध्ये आहे. पण नाव सोडलं तर यातलं टिकलं काय? चांदी गेली, वजन गेलं, राजाचं नाव गेलं. माझं म्हणणं असं की सगळ्यात चिवट निघाला तो रुपया नव्हे, त्याचा सोळावा हिस्सा. आणा.

गंमत म्हणजे आणा हे आयुष्यातला बराच काळ नाणंच नव्हतं, फक्त वहीतला हिशोब होता. मोगली रुपयाखाली तांब्याचा दाम असे, अकबराच्या काळी चाळीस दामांचा रुपया. कंपनीने तांब्याचा अर्धा आणा पाडला, पाव आणा म्हणजे पैसा पाडला, एक बारांश आणा म्हणजे पै पाडली. १८४१ पासून चांदीची दुआणी होती. पण खुद्द एक आण्याचं नाणं लोकांच्या हातात आलं ते १९०७ साली, सातव्या एडवर्डच्या काळात, निकेलमिश्रित आणि कडेला कंगोरे असलेलं. आणि १ एप्रिल १९५७ ला दशमान पद्धत आली, आण्याचं काम संपलं. म्हणजे नाणं म्हणून पन्नास वर्षं. हिशोब म्हणून त्याच्या आधी कित्येक पिढ्या, आणि त्याच्या नंतरही.

कोष्टक ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: ३ पै म्हणजे १ पैसा, ४ पैसे म्हणजे १ आणा, १६ आणे म्हणजे १ रुपया. एकूण १९२ पै.

तुमच्या भागात, तुमच्या धंद्यात, कागदपत्रांत आणे अजून कुठे दिसतात ते लिहा. नाण्यांचे फोटो डकवायचे तर डकवा, पण "याची आज किंमत किती येईल" हा प्रश्न कृपया नको.

---

दगडफूल

धागा छान, पण सुरुवातीलाच स्मरणरंजनाचा वास येतोय. १६, ४, ३ अशी तीन वेगवेगळी भाजकं असलेली पद्धत म्हणजे शाळकरी पोरांचा छळ होता. दशमान आलं ते बरंच झालं.

---

औटकी

दगडफूल, छळ होता हे मान्य. मी तो सोसलाय. पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी सगळं घोकून घेत. औटकी म्हणजे साडेतीनचा पाढा, माझ्या आयडीचं मूळ तेच. पण हा छळ निरुद्देश नव्हता. बाजारातला सगळा व्यवहार निम्मं आणि पाव यांवर चालत होता. मापं तशीच: शेर, अच्छेर, पावशेर, अदपाव. वजन पण अर्धं-अर्धं होत खाली येतं आणि पैसेही. रुपयाला शेर असेल तर पावशेराचे चार आणे, अदपावाचे दोन आणे, छटाकाचा एक आणा. गुणाकार करावाच लागत नसे. एका बाजूचं अर्धं केलं की दुसऱ्या बाजूचं करायचं.

खरी पंचाईत झाली ती १९५७ नंतरची काही वर्षं. नाणी दशमान झाली, पण वजनं अजून शेर-छटाकातच, कारण मेट्रिक मापं टप्प्याटप्प्याने १९६२ पर्यंत येत राहिली. शेराचा भाव नव्या पैशांत आणि ग्राहकाला हवं अदपाव.

---

खुर्दा

औटकीकाका, याचीच वाट बघत होतो. त्या काळातलं रूपांतराचं कोष्टक आठवतं का? १ आणा म्हणजे नेमके ६.२५ नवे पैसे. सव्वा सहाचं नाणं कुठून आणणार? म्हणून ६ धरायचे.

---

औटकी

कोष्टक दुकानादुकानांत टांगलेलं असे. १ आणा = ६ न.पै., २ आणे = १२, ३ आणे = १९, ४ आणे = २५. अर्धा किंवा त्याहून कमी आलं तर सोडून द्यायचं, जास्त आलं तर पुढचा पूर्ण धरायचा. त्यामुळे साडेबाराचे १२ आणि पावणेएकोणीसचे १९.

आता यातली मेख बघा. एकेका आण्याच्या चार वस्तू वेगवेगळ्या घेतल्या तर २४ नवे पैसे, एकदम घेतल्या तर २५. उलट जुन्या एका पैशाची वस्तू म्हणजे १.५६ नवे पैसे, त्याचे घ्यायचे २. अशा चार वस्तू सुट्या घेतल्या की झाले ८, आणि एक आणा म्हणून एकदम दिला तर ६. म्हणजे आण्याच्या व्यवहारात सुटं घेणारा फायद्यात, पैशाच्या व्यवहारात सुटं घेणारा तोट्यात. आणि पैसा-पैशाची खरेदी कोण करतं हे सांगायला नको.

नाण्यांचे आकार मुद्दाम वेगळे ठेवले होते: १ न.पै. गोल, २ आणि १० कंगोऱ्याची, ५ चौकोनी. लिहिता न येणारालाही बोटांनी ओळखता यावं म्हणून. "नवे" हा शब्द १ जून १९६४ ला काढून टाकला, तोवर जुना पैसा विस्मरणात गेला होता.

---

दगडफूल

हे रूपांतराचे त्रास आहेत, पद्धतीचे नव्हेत. एकदाच होतात आणि संपतात. ब्रिटनने दशमान आणायला १९७१ उजाडवलं, आपण त्यांच्या चौदा वर्षं आधी करून मोकळे झालो. यात गळे काढण्यासारखं काय आहे तेच कळत नाही.

---

मोडीवेडा

गळे कोणी काढत नाहीये हो. पण आण्याला दशमानाच्या चष्म्यातून बघितलं की तो विचित्र दिसतो, आणि लिहायची पद्धत बघितली की सरळ दिसतो. मोडी दफ्तरात उभी रेघ म्हणजे पाव, चार आणे. आडवी रेघ म्हणजे एक आणा. तेरा आणे लिहायचे तर तीन उभ्या आणि एक आडवी. झालं. जुन्या मराठी पुस्तकांवर "किंमत १॥ रु." छापलेलं असतं ते दीड रुपया, "१।" म्हणजे सव्वा, "१॥।" म्हणजे पावणेदोन. चारच्या पटीतलं अंकलेखन आहे ते, तीन रेघांच्या वर कधी जावं लागत नाही.

ही चिन्हं आता संगणकावरही आहेत. २००९ च्या युनिकोड ५.२ मध्ये पाव, अर्धा, पाऊण, एक षोडशांश, एक अष्टमांश, तीन षोडशांश अशी सहा चिन्हं आणि रुपयाचं जुनं चिन्हदेखील घातलं गेलं. ज्याला आपण रुपयाचं चिन्ह म्हणतो ते ₹ त्यानंतरचं. सरकारने १५ जुलै २०१० ला ते स्वीकारलं आणि युनिकोडमध्ये त्याच वर्षी आलं. म्हणजे वहीतला आणा संगणकात ₹ च्या आधी पोचला.

---

खुर्दा

मोडीवेडा, _/\_. हे ठाऊकच नव्हतं.

---

गोदाकाठ

आमच्या मराठवाड्याचा रुपया तुमच्या सगळ्यांच्या रुपयाहून वेगळा होता, हे या धाग्यावर कोणीतरी लिहायलाच हवं. निजामाचं राज्य, निजामाचं चलन. त्याला हाली सिक्का म्हणत. इंग्रजांचा तो कलदार. सात हाली म्हणजे सहा कलदार. शंभर कलदार हवे असतील तर ११६ रुपये १० आणे ८ पै हाली मोजायचे. सप्टेंबर १९४८ मध्ये संस्थान भारतात आलं तरी हाली लगेच गेला नाही, पुढची काही वर्षं दोन्ही चालत होते. जुन्या लोकांच्या बोलण्यात "कलदार" हा शब्द "खणखणीत, पक्का" या अर्थी असे. आणि दोन चलनांच्या सीमेवर बसलेल्या सराफांचं भलं होत असे, हे वेगळं सांगायला नकोच.

---

औटकी

गोदाताई, बट्ट्याचा (एक नाणं देऊन दुसरं घेताना सराफ जी रक्कम कापतो तिचा) विषय काढलात ते फार चांगलं केलंत, कारण खुर्दा यांच्या पहिल्या पोस्टमध्ये तो राहून गेला. त्यांनी लिहिलंय "मराठ्यांनी पाडला, कंपनीने पाडला". पण तो एक रुपया नव्हता! शिवाजी महाराजांनी राज्याभिषेकाच्या वेळी पाडला तो सोन्याचा होन आणि तांब्याची शिवराई, एका बाजूला "श्री राजा शिव", दुसऱ्या बाजूला "छत्रपति". मराठी मुलखात चांदीच्या रुपयाचा सुकाळ झाला तो पुढे पेशवाईत, आणि त्या रुपयांवर नाव मात्र दिल्लीच्या बादशहाचं असे. ओळख पटायची ती छोट्या खुणेवरून: पुण्याच्या रुपयावर अंकुश, म्हणून अंकुशी. चांदवडचा चांदवडी. बागलकोटचा मल्हारशाही. बडोद्याचा बाबाशाही. प्रत्येकाची चांदी वेगळी, वजन थोडं वेगळं, आणि एकाच्या बदल्यात दुसरा घेताना सराफ तोलून, कसून, बट्टा कापून घेणार.

बंगालमध्ये तर याहून कहर. नाण्यावर बादशहाचं राज्यवर्ष असायचं. नवं असताना पूर्ण किंमत, पुढच्या वर्षापासून बट्टा. झीज झालेली असो वा नसो, साल जुनं म्हणजे किंमत कमी. शेवटी कंपनीने शक्कल काढली. दरवर्षी पाडल्या जाणाऱ्या सगळ्या रुपयांवर शाह आलमचं एकोणिसावं राज्यवर्षच छापत राहायचं. साल कधी जुनं होतच नाही, मग बट्टा कापणार कसा?

त्यामुळे एका देशाचा एक रुपया याची तारीख द्यायची तर १ सप्टेंबर १८३५. त्या दिवसापासून कंपनीच्या सगळ्या मुलखात १८० ग्रेनचा, त्यात १६५ ग्रेन शुद्ध चांदीचा, विल्यम चौथ्याच्या मुखड्याचा रुपया. हे वजन आणि ही चांदी १९३९ पर्यंत हलली नाही. एवढा काळ एक नाणं जसंच्या तसं राहणं ही मोठी गोष्ट आहे.

---

तोळामासा

१८० ग्रेन म्हणजेच एक तोळा, ११.६६ ग्रॅम. हा योगायोग नाही. १८३३ मध्ये तोळा १८० ग्रेनचा ठरवला आणि दोन वर्षांनी रुपयाही तेवढ्याच वजनाचा पाडला. त्यामुळे घरोघरी वजनाचं माप फुकट मिळालं. "रुपयाभार सुंठ" असं औषधाच्या जुन्या वहीत लिहिलेलं असतं ते याचसाठी. ८० रुपये ताजव्यात टाकले की शेर.

आज पेढीवर "तोळा" म्हणतात तो १० ग्रॅमचा. जुना तोळा घरात लिहून ठेवलेला असेल तर दागिन्यांच्या वाटणीत गोंधळ होतो, आधी कोणता तोळा ते ठरवून घ्या.

---

कोरा_कागद

औटकीकाका, "हलली नाही" हे नाण्यापुरतं खरं, किमतीपुरतं नाही. उलट चांदी हलली नाही म्हणूनच रुपया गडगडला. १८७० नंतर जर्मनी आणि इतर देश चांदी सोडून सोन्याकडे गेले, बाजारात चांदीचा पूर आला. रुपया जवळपास २ शिलिंगांचा होता तो १८९२-९३ पर्यंत सव्वा शिलिंगाच्याही खाली गेला. सरकारला लंडनला सोन्यात पैसे पाठवायचे असत, त्याचा बोजा वाढत गेला. म्हणून जून १८९३ मध्ये टांकसाळी खासगी चांदीला बंद केल्या. तोपर्यंत कोणीही चांदी घेऊन जायचं आणि रुपये पाडून आणायचं. ते थांबलं, आणि पुढे दर १ शिलिंग ४ पेन्सवर बसवला, म्हणजे १५ रुपयांना एक सॉव्हरिन (एक पौंडाचं इंग्रजी सोन्याचं नाणं).

माझ्या मते रुपयाच्या इतिहासातली खरी फूट इथे पडते. १८९३ पर्यंत रुपया म्हणजे चांदी. त्यानंतर तो सरकारने ठरवलेल्या किमतीचा शिक्का, ज्यात योगायोगाने बरीच चांदी होती. डॉ. आंबेडकरांचा लंडनचा प्रबंध, १९२३ मध्ये "द प्रॉब्लेम ऑफ द रुपी" या नावाने आला तो, याच व्यवस्थेवरचा हल्ला आहे. रुपये किती काढायचे याला सरकारवर बंधन राहिलं नाही, आणि मग देशातल्या किमती वाढतात, रुपयाची क्रयशक्ती घसरते, असं त्यांचं म्हणणं. इंग्रज अर्थशास्त्रज्ञ केन्ससारख्यांना ही व्यवस्था पसंत होती, त्यांच्याशी थेट वाद घातलाय. हिंदुस्थानच्या चलनाचा विचार करणाऱ्या १९२५-२६ च्या हिल्टन यंग आयोगापुढे त्यांनी साक्षही दिली. आपल्याकडे त्या प्रबंधाचा उल्लेख अभिमानाने होतो, वाचतं कोण हा प्रश्न आहे. अवघड नाही, बराचसा भाग सरळ इतिहास आहे.

---

खुर्दा

कोरा_कागद, सहमत. आणि त्या "बरीच चांदी" चं पुढे काय झालं तेही सांगून टाकतो. पहिल्या महायुद्धात चांदी महागली, रुपये वितळवणं फायद्याचं होऊ लागलं. लोक नोटा नाकारून चांदी मागायला लागले. ३० नोव्हेंबर १९१७ ला एक रुपयाची नोट निघाली आणि लगेच २ रुपये ८ आण्यांची नोट. हो, अडीच रुपयांची नोट! आण्यांचा उल्लेख असलेली. १९१८ मध्ये अमेरिकेने पिटमन कायदा करून साठ्यातले चांदीचे डॉलर वितळवून ती चांदी हिंदुस्थानसाठी विकली, तेव्हा कुठे निभावलं. दुसऱ्या महायुद्धात, १९४० मध्ये, रुपयातली चांदी निम्म्यावर आली. १९४७ च्या रुपयात चांदी नावालाही नाही, शुद्ध निकेल. तांब्याच्या टंचाईत निघालेला भोकाचा पैसा त्याच काळातला, १९४३ पासूनचा.

---

वाळवंट

इकडे आखातात जुनी माणसं अजून "रुपिया" म्हणतात. १९६० च्या दशकापर्यंत कुवेत, बहारीन, कतार, दुबई, मस्कत सगळीकडे आपलाच रुपया चाले. सोन्याच्या चोरट्या व्यापारामुळे तिकडून रुपये परत येऊन भारताची परकी गंगाजळी रिकामी करायला लागले, म्हणून १९५९ मध्ये रिझर्व्ह बँकेने आखातासाठी वेगळ्या रंगाच्या नोटा काढल्या. कुवेतने १९६१ मध्ये स्वतःचा दिनार आणला, बहारीनने १९६५ मध्ये. १९६६ च्या अवमूल्यनाने उरलेल्यांनाही पटापट बाहेर पडावंसं वाटलं. ओमान मात्र १९७० पर्यंत रेंगाळला. दहा तोळ्यांची सोन्याची चिप अजूनही मिळते, ११६.६४ ग्रॅमची. तोळामासा यांचा जुना तोळा तिथे जिवंत आहे.

---

दगडफूल

इतिहास झाला. आता वापराचं बोला. आणा जाऊ द्या, पैसा तरी वापरात आहे का? २५ पैसे आणि त्याखालची सगळी नाणी ३० जून २०११ पासून चलनातून बाद. ५० पैसे कायद्याने चालू, दुकानात बंद.

---

फुटकळ

५० पैसे चालू आहेत पण दहा रुपयांपर्यंतच. २०११ च्या नाणे कायद्यात तशी मर्यादा आहे: रुपया आणि त्यावरची नाणी हजार रुपयांपर्यंत घ्यायला समोरचा बांधील, अर्धा रुपया दहापर्यंत. त्यामुळे कोणाला सूड म्हणून पोतंभर चिल्लर देण्याची कल्पना असेल तर ती सोडून द्या.

दहाच्या नाण्याचं म्हणाल तर "₹ चिन्ह नसलेलं नकली" ही अफवा आहे. रिझर्व्ह बँकेने जानेवारी २०१८ मध्ये सगळ्या चौदा नमुन्यांची नाणी वैध असल्याचं सांगितलं होतं. तरी काही गावांत घेत नाहीत ते नाहीतच.

---

कोरा_कागद

दगडफूल, पैसा हातातून गेलाय, हिशोबातून नाही. म्हणजे खुर्दा यांनी आण्याबद्दल जे म्हटलंय तेच आता पैशाचं होतंय. पेट्रोलचा भाव, विजेच्या बिलातला युनिटचा दर, बँकेचं व्याज, सगळं पैशांत. यूपीआयवर ४७.३६ पाठवा, जातात. राष्ट्रीय शेअर बाजाराने जून २०२४ पासून अडीचशे रुपयांखालच्या शेअर्सना एक पैशाच्या पटीत भाव लावायची मुभा दिली, आधी ती पाच पैसे होती. नाणं बाद होऊन तेरा वर्षं झाल्यावर एक पैसा तिथे पुन्हा कामाला लागला. डॉलरचा भाव तर चार दशांश स्थळांपर्यंत सांगतात, म्हणजे पैशाचाही शंभरावा भाग. उलट जीएसटी भरताना पन्नास पैसे किंवा जास्त असतील तर पुढचा रुपया, कमी असतील तर सोडून द्यायचे.

---

औटकी

जाता जाता, एक रुपयाच्या नोटेबद्दल. ती रिझर्व्ह बँकेची नाही, भारत सरकारची. सही वित्त सचिवांची, आणि "अदा करण्याचे वचन" तिच्यावर नाही. बाकीच्या नोटा रुपये देण्याचं वचन आहेत, ही नोट स्वतःच रुपया. १९९४ मध्ये छापणं थांबवलं होतं, २०१५ मध्ये पुन्हा सुरू केलं. आणि १९२८ पासून आपल्या नाशिकरोडला नोटा छापल्या जातात, त्याआधी इंग्लंडहून येत.

---

गावठाण

उशिरा येतोय, पण खुर्दा यांच्या मूळ प्रश्नाला उत्तर जमिनीच्या कागदात आहे. आणेवारी. गावातलं पीक सोळा आण्यांपैकी किती आण्यांचं आलं ते ठरवायचं आणि त्यावर सारा माफ, तहकूब की वसूल ते ठरायचं. १९१८ चा खेडा सत्याग्रह याच आकड्यावरून झाला. पीक चार आण्यांच्या आत असेल तर साऱ्याची तहकुबी मिळायची. शेतकरी म्हणत चार आण्यांच्या आत आहे, मुंबई सरकारचे अधिकारी म्हणत जास्त आहे. गांधीजी आणि वल्लभभाई त्या आण्यासाठी गावोगाव फिरले.

दशमान आल्यावर आणेवारीची पैसेवारी झाली. पन्नास पैशांच्या आत आली की टंचाई. आठ आण्यांचे पन्नास पैसे केले, बाकी पद्धत तीच: नजरअंदाज, सुधारित, अंतिम. २०१६ च्या दुष्काळ संहितेनंतर पाऊस, उपग्रहाची चित्रं, जमिनीतली ओल हे निकष आले, आणि दुष्काळ जाहीर करताना त्यांना वजन जास्त. पण दर हंगामात जिल्ह्याच्या पैसेवारीची बातमी येतेच, आणि "आमची पैसेवारी जास्त दाखवली" ही ओरडही येतेच.

गुंठ्याचेही सोळा आणे करतात. गुंठा १०८९ चौरस फूट, तर आणा ६८ च्या आसपास. आणि सामाईक जमिनीत कोणाचा हिस्सा किती ते जुन्या नोंदींत आणे-पैमध्येच असतं.

---

नवाखातेदार

गावठाणकाका, मग एक विचारू का? आमच्या जुन्या फेरफारात एका नावापुढे "हिस्सा ०-२-८" असं आहे. कोणी म्हणतं २.८ टक्के, कोणी म्हणतं २८ पैसे. जमीन एकूण ३६ गुंठे. नेमकं किती?

---

गावठाण

शून्य रुपये, दोन आणे, आठ पै. दोन आण्यांच्या २४ पै अधिक ८, झाल्या ३२. रुपयाच्या १९२ पैकी ३२ म्हणजे बरोबर सहावा हिस्सा. त्याच फेरफारात आणखी पाच नावं असतील आणि त्यांच्यापुढेही हेच असेल, बघा.

---

नवाखातेदार

हो, सहाच नावं आहेत! मग नव्या उताऱ्यासाठी प्रत्येकी १६.६७ पैसे लिहून द्यायचं का?

---

गावठाण

अजिबात नको. सहा वेळा १६.६७ म्हणजे १००.०२ होतात, अर्ज परत येईल. क्षेत्रातच लिहा, प्रत्येकी सहा गुंठे. आणि जुन्या फेरफाराची नक्कल जोडा.

---

दगडफूल

बरं. १९२ ला तीनने भाग जातो, शंभरला जात नाही. एवढं मी मान्य करतो, याहून जास्त नाही.